वेड्या बायका वीस पाहिजेत

एसटीतून उतरल्या उतरल्या श्रेयसनं पहिलं काय केलं, तर आत्याच्या पायांकडे बघितलं.

तोंडाकडे नाही, तिच्या हातातल्या बिस्किटाच्या पुड्याकडे पण नाही. सरळ पायांकडे. बोटं पुढं आहेत का टाचा, ते बघत होता. दुसऱ्या कुणाच्या लक्षात आलं नसतं, पण असल्या बाबतीत माझी नजर घारीची आहे. मी त्याच्या कानाशी वाकून म्हणाले, "सरळच आहेत. सहा नंबरची चप्पल बसते."

तो दचकला आणि माझ्या मागं लपला.

त्याचे पप्पा एसटीतून खाली उतरलेच नाहीत. खिडकीतून दप्तर दिलं आणि बोलले ते माझ्याशी. बायको समोर उभी, आणि हा माणूस पंधरा वर्षांच्या पोरीशी बोलतोय.

"उद्या संध्याकाळी फोन करतो. राहतो म्हणाला तर सुट्टीभर राहू दे, दर वर्षी पाठवतो. रडला, घाबरला, काय झालं, तर लगेच येऊन घेऊन जाणार. आणि मग परत हा विषय काढायचा नाही कुणी."

"तिला सांगा की," मी म्हणाले. "ती काय बहिरी आहे?"

आत्यानं माझा दंड दाबला. एसटी गेली.

ह्याला आता चार वर्षं होतील. तेव्हा मी शाळा सोडून सहा महिने झाले होते. वर्गात एका पोरीनं माझ्या बाकावर 'वेडीची भाची' असं कर्कटकानं कोरलं होतं. मी तिच्या डोक्यात डबा घातला. हेडसर म्हणाले माफी माग. मी म्हणाले आधी तिनं मागायची. ह्यात आठवडा गेला, मग महिना गेला, मग मी गेलेच नाही. पप्पा पुण्यात गाडी चालवतात. घरी मी, आई आणि आत्या.

श्रेयस आत्याचा मुलगा, तेव्हा दहा-अकरा वर्षांचा. तो आठ महिन्यांचा असताना आत्या आजारी पडली आणि सासरच्यांनी तिला आमच्याकडं आणून सोडली. तेव्हापासून ती इथंच. सातारच्या डॉक्टरांची गोळी चालू आहे, रोज रात्री जेवल्यावर. गोळीनं हात थरथरतात, बाकी बाई ठणठणीत. शिवण करते, बचत गटाचं रजिस्टर लिहिते. कधी कधी भाजी चिरता चिरता थांबते आणि कुणाचं तरी ऐकल्यासारखी मान वाकडी करते. मी विचारायची, "काय गं, मंडळी आली का?" ती म्हणायची, "आल्यात. लांब बसल्यात. चहा नको म्हणत्यात." इतकंच.

बसस्टॉपवरून घरी येईपर्यंत श्रेयस माझ्या पलीकडून चालला. मधे मी, ह्या बाजूला आत्या. ती म्हणाली, "भूक लागली का रे?" त्यानं मान हलवली. "पाणी?" परत मान हलवली.

घरी आल्यावर तिनं पोहे केले. ताटली त्याच्या हातात दिली नाही. त्याच्या पुढ्यात जमिनीवर ठेवली, दोन बोटांनी पुढं सरकवली आणि मागं झाली. पाण्याचा तांब्या पण तसाच. मला वाटलं, पोरानं घाबरू नये म्हणून हात लांब ठेवतीय. शहाणी आहे, म्हटलं.

दुपारी परड्यात मी त्याला धरलाच. "खरं सांग. कशाची भीती वाटते तुला?"

मग बोलायला लागला तर थांबेना. चुलत भावांबरोबर मोबाईलवर पिक्चर बघायचा म्हणे. वेड्या बाईचे डोळे पांढरे होतात. ती भिंतीवर चढते. झोपलेल्या माणसाच्या उशाशी येऊन बसते, आणि केस पुढं असतात त्यामुळे ती कुठं बघतीय ते कळत नाही.

"आमच्या आत्याला माळ्यावरचा डबा काढायला स्टूल लागतं," मी म्हणाले. "भिंतीवर कुठली चढतीय."

तो हसला नाही. पायानं माती उकरत म्हणाला, "एका पिक्चरमध्ये बाईला तिचं बाळ नको असतं. ती वेडी असते. मग ती बाळाला..." तिथं थांबला. "आज्जी म्हणते, मी लहान असताना हिनं मला हात पण लावला नव्हता. पाळण्यात रडायचो तर दारामागून नुसती बघायची. पिक्चरमधली पण तशीच बघते."

मला त्याच्या आज्जीचा राग आला, पण ती कराडला, त्यांच्या घरी होती. रात्री पोरगं माझ्या आईच्या कुशीत झोपलं, आणि झोपायच्या आधी खोलीची कडी लागलीय का ते दोनदा बघून आलं. आत्यानं ते बघितलं. तिनं बाहेर अंथरलं.

सकाळी दिनामामाची स्कूटर आली.

आमच्या वाईच्या बाजूला पिक्चरवाले सारखे येतात. त्यांना गर्दी लागली की गावात दिनामामा माणसं गोळा करतो. मागच्या महिन्यात बारा मावळे नेले होते, त्याच्या आधी लग्नातली वऱ्हाडी. ह्या वेळी स्कूटरवरूनच ओरडला, "वहिनी, वेड्या बायका वीस पाहिजेत. अठरा झाल्यात. दोन द्या." मग ओसरीवर आत्या दिसली आणि त्यानं जीभ चावली.

आत्या काजं करत होती. दोरा दातानं तोडत म्हणाली, "मी येते की. मला शिकवायला पण लागणार नाही."

"वन्सं, आज नको," आई म्हणाली. "पोर आलंय."

"पोर माझ्याशी बोलत नाही, वहिनी. घरात बसून मी काय त्याच्या तोंडाकडं बघू? ते पण नको वाटतंय त्याला."

तेव्हा माझ्या डोक्यात आलं. म्हटलं, ह्याला शूटिंगला न्यायचा. ते पांढरे डोळे, ते रक्त, सगळं कसं बनवतात ते एकदा बघितलं की भीती संपली. कुणाला विचारायची सवय मला तेव्हा पण नव्हती. मी म्हणाले, "वीस झाल्या. एक आत्या, एक मी. आणि श्रेयस बघायला."

"भुताचा पिक्चर हाय पोरी तो," दिनामामा म्हणाला.

"म्हणूनच," मी म्हणाले.

शूटिंग कालव्याकडच्या जुन्या बंद बंगल्यात होतं. पिक्चरमध्ये ते वेड्यांचं हॉस्पिटल होतं. सकाळचे अकरा वाजले होते, पण आत रात्र केली होती. सगळ्या खिडक्यांना काळं कापड ठोकलेलं, एका फटीतून निळा लाइट सोडलेला. आवाज नको म्हणून पंखे बंद. बायका घामानं चिंब झालेल्या.

मेकअपवाले बिपिनदादा म्हणून होते, पोटावर पट्टा आणि पट्ट्यात बारा ब्रश. मी श्रेयसला त्यांच्यासमोर उभा केला. "दादा, ह्याला रक्त दाखवा."

त्यांनी बाटली काढली. "साखरेचा पाक, लाल रंग आणि चिमूटभर कॉफी. चाटून बघ."

श्रेयसनं बोट बुडवलं, चाटलं. डोळे मोठे झाले. "गोड आहे."

"भुतं गोडच असतात," बिपिनदादा म्हणाले.

मग मी त्याला भूत दाखवलं. प्लॅस्टिकच्या खुर्चीत एक ताई बसली होती. डोळ्यांत पांढऱ्या लेन्स, हनुवटीवरून रक्त, केस कमरेपर्यंत, आणि फोनवर बोलत होती, "हो गं आई, जेवले. नाही गं, ऊन कुठलं, आतच आहोत." लेन्समुळे तिला नीट दिसत नव्हतं, म्हणून चहाचा कप चाचपडत होती. श्रेयसनं पुढं होऊन कप तिच्या हातात दिला. ती म्हणाली, "थँक्यू रे बाळा." तो माझ्याकडे वळून हसला. काल उतरल्यापासूनचं पहिलं हसू. मला माझ्या अकलेचं फार कौतुक वाटलं.

त्यानं दोन्ही हातांना रक्त चोपडून घेतलं आणि सगळ्यांना दाखवत फिरला. सगळ्यांना म्हणजे आत्या सोडून. आवाज रेकॉर्ड करणाऱ्या दादाला तो इतका आवडला, की त्यानं आपल्याजवळ खोक्यावर बसवलं आणि स्वतःचा जादाचा हेडफोन त्याच्या कानावर चढवला. "लांबच्या माणसाचा श्वास पण ऐकू येईल बघ," म्हणाला.

आम्हाला सगळ्यांना हिरवे गाऊन दिले. केस विस्कटायचे होते, पण आमच्या बायका शूटिंग म्हणून सकाळी तेल चोपडून, चापून वेण्या घालून आलेल्या. विस्कटता विस्कटेनात. बिपिनदादांनी डब्यातली पावडर ओतली, तेव्हा कुठं जरा उभे राहिले. छबूकाकी आरशात बघून म्हणाली, "बया, माझी सासू दिसाय लागले मी."

डायरेक्टर तन्मय सर. तिशीच्या आतला, टोपी उलटी, सगळ्यांना मावशी मावशी करणारा. माणूस वाईट नव्हता. त्यानं समजावलं, "हिरो टॉर्च घेऊन येतो. तुम्ही पेशंट आहात. कुणी हसा, कुणी भिंत ओरबाडा, कुणी डोकं आपटा. हळू आपटा, मावशी. आधी रिहर्सल करू. चला."

आणि आमच्या बायकांनी जे सुरू केलं, त्याला तोड नव्हती. वेडं माणूस कसं असतं ते कुणाला माहीत? त्यांना माहीत होतं ते अंगात येणं. छबूकाकीनं केस मोकळे सोडले, दोन्ही गुडघ्यांवर बसली आणि जत्रेत घुमतात तशी घुमायला लागली. तिचं बघून चारपाच जणी घुमायला लागल्या. एक जण तर हिरोच्या पाया पडली.

"थांबा, थांबा," तन्मय सर म्हणाले. "काकी, देवी नकोय. वेड पाहिजे."

"आमाला येवढंच येतंय," छबूकाकी धापा टाकत म्हणाली.

सगळे हसले. श्रेयस पण. मग सरांचं लक्ष कोपऱ्यात गेलं.

आत्या भिंतीला टेकून बसली होती. गुडघे पोटाशी घेतलेले, दोन्ही हात गाऊनच्या बाह्यांत आत ओढून घेतलेले. दाराकडे बघत होती. बाकी काही नाही.

"त्या कोपऱ्यातल्या ताई, काहीतरी करा ना."

"करतीय की," आत्या म्हणाली.

"काय करताय?"

"बसलीय."

परत हशा. सर पण हसले. "अहो, पण वेड्यासारखं करा."

"असंच बसत्यात, साहेब."

इथं छबूकाकीनं काय करावं. तिला वाटलं, आता हिला काढून टाकणार, हिचा दिवस बुडणार. तिला आत्याचा पुळका होता, बचत गटात तीच आत्याला घेऊन गेलेली. ती उठली, पदर नव्हता म्हणून गाऊनच सावरला आणि शिफारस केल्यासारखी म्हणाली, "साहेब, तिला ऱ्हाऊ द्या. तिला शिकवायला नगं. तिचं अस्सल हाय. धा वर्षं गोळ्या चालू हायत."

मी श्रेयसकडे बघितलं. हेडफोन कानावर, लाल हात मांडीवर उताणे.

तन्मय सरांचा चेहरा बदलला. मी ओळखते तो चेहरा. बाजारात फुकट काहीतरी सापडल्यावर माणसाचा होतो तो. ते आत्यासमोर उकिडवे बसले. हळूच हात मागं करून कॅमेरावाल्याला बोट दाखवलं. गर्दीला टेक म्हटलं की गर्दी ताठते, म्हणून हे लोक रिहर्सल म्हणायचे आणि कॅमेरा चालूच ठेवायचे. कॅमेऱ्यावरचा लाल ठिपका मला दिसत होता. माइकची काठी पण सरकत आत्याच्या डोक्यावर आली.

"खरंच का, ताई?" सर एकदम मऊ आवाजात म्हणाले. "काय होतं नेमकं? आवाज येतात?"

"यायचे," आत्या म्हणाली. "आता कमी."

"काय म्हणतात? कुणाला मार म्हणतात? म्हणजे, घरातल्यांना वगैरे? कधी हातात काही घेऊन..."

त्याच्या पुढचं मी ऐकलं नाही. म्हणजे ऐकलं असेल, पण तोपर्यंत मी मधे पोचले होते. त्यांची टोपी ओढून फेकली. लाइटच्या स्टँडला लाथ घातली, ते आडवं झालं. काय काय बोलले ते इथं सांगत नाही, घरातली वडीलधारी वाचतील. एका दादानं मला मागून कमरेला धरलं तर त्याच्या हाताला चावले. केस सुटलेले, तोंडावर पावडर, गाऊन खांद्यावरून घसरलेला, आणि मी घसा फाटेस्तोवर ओरडतीय, "तिला विचारतोस होय? पोराच्या समोर विचारतोस होय?"

"कट," तन्मय सर म्हणाले.

आणि उभे राहिले, आणि छातीवर हात ठेवून म्हणाले, "हे. बाई गं. मला हेच पाहिजे होतं."

मागं कुणीतरी टाळ्या वाजवल्या. बायकांनी पण वाजवल्या, त्यांना वाटलं हे ठरलेलं होतं. मला कळेना मी कुठं आहे. तो दादा हात झटकत माझ्याकडे कौतुकानं बघत होता. आणि खोक्यावर श्रेयस, भिंतीला चिकटलेला, माझ्याकडे बघतोय. काल आत्याकडे बघत होता तसा. माझ्याकडे.

मी परत सरांच्या अंगावर जाणार, तेवढ्यात माझं मनगट धरलं गेलं. थरथरणारा हात होता, पण पकड पक्की.

"हर्षदा," आत्या म्हणाली. "बस खाली."

"आत्या, हा काय म्हणाला..."

"ऐकलं मी. बस."

मी बसले. तिच्या शेजारी, भिंतीला टेकून. तिनं माझा गाऊन खांद्यावर ओढला आणि सरांकडे बघून म्हणाली, "साहेब, तुम्ही विचारलंत, तर ऐकून जावा. अर्धवट नको."

तन्मय सर टोपी शोधत होते, ते थांबले.

"मार, असं म्हणायचे नाहीत ते," आत्या म्हणाली. ती हळूच बोलत होती, मला शेजारी बसून कान द्यायला लागत होता. "म्हणायचे, तुझ्या हाताला विष आहे. तू ज्याला हात लावशील ते मरणार. भाकरी थापताना म्हणायचे, दळण निवडताना म्हणायचे. मी दिवसातनं वीसवीसदा हात धुवायची. माझं पोर आठ महिन्यांचं होतं. पाळण्यात रडायचं. मी दाराच्या मागं उभी राहायची, हात पदरात गुंडाळून. म्हणायची, उगी, उगी. मनात. मोठ्यानं म्हणायची पण भीती, तोंडातनं विष गेलं तर. सासूला वाटलं हिला पोर नको. तिचं पण काय चुकलं. जी आई पोराला घेत नाही, तिला बघणारा काय समजणार."

"मग सांगितलं का नाही तुम्ही?" सरांनी विचारलं. आता त्यांचा आवाज मऊ नव्हता, साधा होता.

"सांगितलं असतं आणि त्यांनी म्हटलं असतं, काही होत नाही, घे. मग मी घेतलं असतं. आणि खरंच काय झालं असतं तर?"

सर खाली बसले, फरशीवरच. मग म्हणाले, "पण ताई, ह्यात दिसत तर काहीच नाही. एक बाई दारामागं उभी आहे."

"नाही दिसत."

"मग लोक घाबरणार कशाला?"

"लोकांचं मला काय माहीत," आत्या म्हणाली. "मी घाबरले होते."

ते उठले. कॅमेरावाल्याला म्हणाले, "हे मगाशीच बंद करायला हवं होतं. ताईंचं बोलणं तेवढं डिलीट कर." मग मोठ्यानं म्हणाले, "चहा सांगा रे," आणि बाहेर गेले. टोपी तिथंच राहिली.

मला तेव्हा आठवलं की माइकची काठी अजून आमच्या डोक्यावरच आहे.

श्रेयसनं हेडफोन काढला. नीट खोक्यावर ठेवला, वायर गुंडाळली. मग हॉल ओलांडून आला आणि आत्याच्या समोर उभा राहिला. माझ्याकडे बघितलं पण नाही.

"अजून म्हणतात?" त्यानं विचारलं.

"कोण?"

"ते. आवाज."

"मधनंमधनं."

"आत्ता काय म्हणतायत?"

आत्यानं मान वाकडी केली. खरंच ऐकलं तिनं, उगाच त्याच्या समाधानासाठी नाही. मग म्हणाली, "म्हणतायत, पोराचे हात किती घाण झालेत बघ."

त्यानं हात बघितले. पाक वाळून चिकट झाला होता, त्याच्यावर पावडर आणि धूळ बसलेली. "बिपिनदादा म्हणाला पाण्यानं निघतं."

"मग चल."

बंगल्याच्या मागं नळ होता. आम्ही तिघं उन्हात आलो आणि डोळे दिपले, आतल्या रात्रीमुळे आम्ही दुपार विसरलेलो. आत्यानं नळ सोडला आणि बाजूला झाली. श्रेयसनं हात पाण्याखाली धरले, आणि धरूनच ठेवले. चोळेना.

"धू की," आत्या म्हणाली.

"तू धू."

तिनं माझ्याकडे बघितलं. मी कालव्याकडे बघितलं. मला तिथं बघण्यासारखं काहीच नव्हतं, तरी बघितलं. पाण्याचा आवाज येत होता, मग आवाज बदलला, हातावर हात चोळल्यावर बदलतो तसा. बराच वेळ तो आवाज चालला होता. एवढ्या वेळात चादर धुवून झाली असती.

"नखातलं पण काढ," श्रेयस म्हणाला.

"काढतीय. हात थरथरतोय माझा, थांब जरा."

"का थरथरतो?"

"गोळीनं."

"दुखतं का?"

"नाही. फक्त सुईत दोरा जात नाही लवकर."

"मी ओवून देईन," तो म्हणाला. "मला येतं."

मी गाऊनच्या बाहीनं नाक पुसलं. पावडर नाकात गेली आणि शिंका आल्या, त्यामुळे कुणाला काही कळलं नाही.

तो पिक्चर पुढं दीड वर्षानं एका ॲपवर आला. त्यात मी आहे. चार सेकंद. टोपी फेकताना नाही, नंतरची, केस सुटलेली, चावतानाची. लोकांनी खाली लिहिलंय की ती हिरव्या गाऊनमधली वेडी पोरगी बघून झोप उडाली. माझी डॉक्टरांकडे कसली फाईल नाही, मला कधी कसला आवाज आलेला नाही. मी फक्त चिडले होते. आत्या सगळ्या पिक्चरमध्ये कुठंच नाही. तिचा कोपरा अंधारात गेलाय.

पण त्या दिवसाचं राहिलंच. संध्याकाळी सात वाजता फोन आला.

आईच्या फोनचा कानाकडचा भाग बिघडलेला, बोलणं स्पीकरवरच व्हायचं. आई चुलीपुढं, आत्या परातीत भाकरी थापत होती. श्रेयस दारात बसून तिच्या शिवणाच्या सगळ्या सुया ओवत सुटला होता. अकरा ओवून झाल्या होत्या. मी फोन त्याच्या पुढ्यात ठेवला.

"काय रे, दिवसभर कुठं होता?" त्याचे पप्पा म्हणाले.

"शूटिंगला."

"कसलं शूटिंग?"

"भुताचं. वेड्यांचं हॉस्पिटल असतं."

पलीकडं नुसता रस्त्यावरच्या गाड्यांचा आवाज.

"घाबरलास का?"

श्रेयसनं विचार केला. खोटं बोलायची सवय नाही त्याला, अजून पण नाही. "हो. खूप," तो म्हणाला.

परातीतला आवाज थांबला. आईनं माझ्याकडे बघितलं, आणि मी आत्याकडे बघू शकले नाही. सगळं माझ्या अकलेनं झालं होतं.

"मला माहीतच होतं," त्याचे पप्पा म्हणाले. "थांब तू. मी आता निघतो, रात्रीपर्यंत पोचतो. दप्तर भरून ठेव."

"कशाला?"

"अरे, घाबरलास म्हणालास ना आत्ता?"

"हां, हर्षाताईला घाबरलो," श्रेयस म्हणाला. सुईच्या भोकातून बघत, एक डोळा मिटून. "ती एका दादाला चावली. पण आईनं तिला खाली बसवलं की."